जर-तरचं इंग्रजी: सराव कुठून सुरू करायचा

एका सहकाऱ्याला घर बदलायचं होतं. शनिवारी मदतीला येशील का, असं त्याने मला इंग्रजीत विचारलं. त्याला मराठी येत नव्हतं. माझ्या मनात उत्तर तयार होतं: वेळ मिळाला तर येईन. ते मी मनातल्या मनात इंग्रजीत उलटवलं आणि म्हणालो, ‘इफ आय गॉट टाइम, आय वुड कम.’ शनिवारी सकाळी मी दारात हजर! बघतो तर अर्धं सामान गाडीत चढलेलं आणि मदतीला भलतेच दोघं आलेले. तो माझ्याकडे बघतच राहिला. ‘तू तर नाही म्हणाला होतास ना?’

मी नाही म्हटलं नव्हतं, पण माझ्या वाक्याने म्हटलं होतं. ‘गॉट’ आणि ‘वुड’ ही जोडी इंग्रजी कानाला सांगते की वेळ मिळण्याची काही चिन्हं नाहीत, उगाच आपलं म्हणतोय. मला म्हणायचं होतं, ‘इफ आय गेट टाइम, आय विल कम.’ चूक कुठून आली तर थेट मराठीतून. ‘मिळाला’ हे भूतकाळाचं रूप, म्हणून मी इंग्रजीतही भूतकाळ लावून मोकळा झालो.

जर-तरची इंग्रजी वाक्यं शिकवताना बहुतेक ठिकाणी त्यांच्या प्रकारांना दिलेल्या झीरो, फर्स्ट, सेकंड, थर्ड अशा आकड्यांपासून सुरुवात होते. ते आकडे मला कधीच धड लक्षात राहिले नाहीत, आणि राहिले तरी बोलताना त्यांचा उपयोग झाला नाही. समोरचा प्रश्न विचारून थांबलेला असताना ‘हे सेकंड की थर्ड’ असा हिशोब कोण करत बसणार? मराठी माणसाला यापेक्षा जवळचा रस्ता आहे. तो आपल्याच ‘तर’मधून जातो.

आधी वही काढा, पण मराठीत लिहा

शाळेत क्रियापदाचे अर्थ शिकवताना स्वार्थ, आज्ञार्थ, विध्यर्थ आणि संकेतार्थ असे चार सांगितले होते, आठवतंय? त्यातला संकेतार्थ म्हणजेच हा आपला विषय. तेव्हा तो दोन मार्कांपुरता पाठ केला आणि सोडून दिला. आता तो कामाला येतो.

पहिल्या दिवशी इंग्रजीला हातही लावू नका. ही तीन वाक्यं वहीत लिहा:

पाऊस पडला की रस्ता ओला होतो.
पाऊस पडला तर मी घरी थांबेन.
पाऊस पडला असता तर मी घरी थांबलो असतो.

तिन्ही वाक्यांत ‘पडला’ आहे. पहिलं वाक्य नेहमीचं आहे, दुसरं उद्याचं, तिसरं होऊन गेलेल्या दिवसाचं. म्हणजे ‘पडला’ हे रूप इथे काळ दाखवतच नाही. पाऊस कधीचा आहे ते आजूबाजूचे शब्द सांगतात. हे आपण लहानपणापासून बिनचूक बोलतो आणि त्याकडे आपलं लक्षही जात नाही.

इंग्रजीही हीच युक्ती करते, फक्त एक पायरी सरकवून. हीच तीन वाक्यं इंग्रजीत अशी होतात:

इफ इट रेन्स, द रोड गेट्स वेट.
इफ इट रेन्स, आय विल स्टे होम.
इफ इट हॅड रेन्ड, आय वुड हॅव स्टेड होम.

मराठीतल्या ‘पडला तर’साठी इंग्रजीत साधा वर्तमानकाळ आला, ‘रेन्स’. मराठीत ‘असता’ आला तिथे इंग्रजी मागे सरकली, ‘हॅड रेन्ड’. मी वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत एवढंच लिहून ठेवलं होतं: ‘-ला तर’ दिसलं की वर्तमानकाळ, ‘असता तर’ दिसलं की भूतकाळ शोध. घर बदलण्याच्या त्या प्रसंगात एवढं जरी माहीत असतं तरी निभावलं असतं.

यातच आणखी एक नियम फुकटात मिळतो. ‘इफ’च्या भागात ‘विल’ घालू नये, असं प्रत्येक शिक्षक कंठशोष करून सांगतो. तरी ‘इफ इट विल रेन’ लिहिणारे लिहितातच, कारण गोष्ट उद्याची आहे ना! पण मराठीत तुम्ही ‘उद्या पाऊस पडेल तर मी थांबेन’ असं म्हणता का? ते कानाला खटकतं. आपण ‘पडला तर’ म्हणतो. भविष्यकाळ आपणही अटीच्या भागात घालत नाही, तो पुढच्या भागात ठेवतो. इंग्रजीही तेच करते. नियम पाठ करण्यापेक्षा कानावर विश्वास ठेवा.

दोनच प्रश्न

आता इंग्रजीकडे वळू. कुठलंही जर-तरचं वाक्य तयार करण्याआधी स्वतःला दोन प्रश्न विचारायचे. हे खरंच होऊ शकतं का? आणि गोष्ट कधीची आहे?

होऊ शकत असेल तर काम सोपं: ‘इफ’च्या भागात साधा वर्तमानकाळ, पुढे ‘विल’. ‘विल’च हवं असंही नाही. ‘कॅन’, ‘मे’, ‘माइट’ चालतात, सरळ आज्ञाही चालते: ‘इफ यू सी हर, टेल हर टू कॉल मी.’ आणि गोष्ट नेहमीच तशी घडत असेल, बर्फ तापवला की वितळतो अशा जातीची, तर दोन्हीकडे वर्तमानकाळ: ‘इफ यू हीट आइस, इट मेल्ट्स.’ यावर जास्त वेळ घालवू नका. हे जमतंच.

होऊ शकत नसेल, किंवा होईल असं बोलणाऱ्याला वाटत नसेल, तेव्हा दुसरा प्रश्न महत्त्वाचा. गोष्ट आत्ताची किंवा पुढची असेल तर ‘इफ’च्या भागात साधा भूतकाळ आणि पुढे ‘वुड’ व मूळ क्रियापद. गोष्ट होऊन गेलेली असेल तर ‘हॅड’ व क्रियापदाचं तिसरं रूप, आणि पुढे ‘वुड हॅव’ व पुन्हा तिसरं रूप.

पहिल्या प्रश्नात ‘बोलणाऱ्याला वाटत नसेल’ हे शब्द मुद्दाम घातलेत. घटना एकच असली तरी बोलणाऱ्याच्या मनाप्रमाणे वाक्य बदलतं. निवडणुकीला उभा असलेला उमेदवार म्हणेल, ‘इफ आय विन, आय विल बिल्ड अ स्कूल.’ तो ‘इफ आय वन, आय वुड बिल्ड अ स्कूल’ म्हणाला तर ऐकणाऱ्याला कळतं की याचा स्वतःचाच स्वतःवर भरवसा नाही. मराठीत अशा दुसऱ्या वाक्याआधी आपण ‘समजा’ घालतो: समजा, निवडून आलो, तर शाळा बांधेन. मनात ‘समजा’ आला की तोंडात ‘वुड’ आला पाहिजे. हा दुवा पक्का झाला की ‘व्हॉट वुड यू डू इफ’ने सुरू होणारे प्रश्न अवघड वाटत नाहीत. मुलाखतीत ते हमखास येतात, आणि उत्तरही ‘आय वुड’नेच सुरू करायचं असतं, ‘आय विल’ने नाही.

‘असता’ची गोम

इथे जरा थांबू. आपली खरी अडचण इथेच आहे, आणि इंग्रजी माध्यमातून शिकलेल्यांचीही गाडी इथेच अडकते.

‘मला वेळ असता तर मी आलो असतो.’ हे वाक्य आजचं की कालचं? सांगता येत नाही. फोनवर कुणी आत्ता बोलवत असेल तरी आपण हेच म्हणतो आणि गेल्या महिन्यातल्या कार्यक्रमाबद्दलही हेच म्हणतो. ‘आत्ता’ किंवा ‘तेव्हा’ जोडला की अर्थ पक्का होतो, क्रियापद मात्र तेच राहतं. मराठीचं एकाच ‘असता’त भागतं. इंग्रजीला मात्र निवड करावीच लागते:

इफ आय हॅड टाइम, आय वुड कम.
इफ आय हॅड हॅड टाइम, आय वुड हॅव कम.

पहिलं आजचं, दुसरं होऊन गेलेलं. दुसऱ्यातले दोन ‘हॅड’ बघून पुष्कळांना वाटतं की छापताना चूक झाली. चूक नाही. पहिला ‘हॅड’ मदतनीस आणि दुसरा मुख्य क्रियापद, म्हणजे ‘हॅव’चं तिसरं रूप. बोलताना पहिला अर्धा गिळला जातो, ‘इफ आय्ड हॅड टाइम’ असं ऐकू येतं.

म्हणून सराव असा करा. ‘असता’, ‘असती’, ‘असतं’ असलेली आठ-दहा मराठी वाक्यं लिहा आणि प्रत्येकापुढे कंसात फक्त ‘आज’ किंवा ‘तेव्हा’ लिहा. भाषांतर लगेच नको. दोन दिवस नुसतं ‘आज-तेव्हा’ करा. तिसऱ्या दिवशी इंग्रजी लिहा. हे मधले दोन दिवस मी वगळायचो आणि म्हणूनच मला वर्षभर ‘हॅड’ आणि ‘हॅड हॅड’ यांत फरक जाणवत नव्हता.

कधी एकाच वाक्यात दोन्ही काळ येतात. ‘तेव्हा ती नोकरी घेतली असती तर आज मी दुसऱ्या शहरात असतो.’ अट तेव्हाची, परिणाम आजचा. मग इंग्रजीतही अर्धं तेव्हाचं आणि अर्धं आजचं: ‘इफ आय हॅड टेकन दॅट जॉब, आय वुड बी इन अनदर सिटी नाऊ.’ व्याकरणाच्या पुस्तकात याला मिश्र प्रकार म्हणतात आणि तो शेवटच्या धड्यात टाकतात. पण तुम्ही प्रत्येक भागापुढे ‘आज-तेव्हा’ लिहायची सवय लावली असेल तर यात वेगळं शिकण्यासारखं काही उरत नाही.

आणखी एक ठेच इथे लागते: ‘इफ आय वुड हॅव नोन.’ दोन्हीकडे ‘असता-असतं’ आहे म्हणून दोन्हीकडे ‘वुड हॅव’ लावायचा मोह होतो. इंग्रजी मातृभाषा असलेले काही जणही बोलताना असं म्हणतात, त्यामुळे मालिका बघून शिकणाऱ्यांना ते बरोबरच वाटतं. लिहिताना मात्र ‘इफ’च्या भागात ‘वुड’ नको: ‘इफ आय हॅड नोन, आय वुड हॅव कॉल्ड.’

तोंडाचा सराव: साखळी

वहीतलं कळलं तरी तोंडात बसायला साखळीसारखा सराव दुसरा नाही. एकट्याने करता येतो, चालता चालता करता येतो. एका वाक्याचा शेवट पुढच्या वाक्याची अट करायचा:

इफ आय मिस द बस, आय विल बी लेट.
इफ आय अ‍ॅम लेट, द मीटिंग विल स्टार्ट विदाउट मी.
इफ द मीटिंग स्टार्ट्स विदाउट मी, दे विल टेक द राँग डिसिजन.

कडी सांधताना काय होतं ते नीट बघा. ‘विल स्टार्ट’ पुढच्या ओळीत ‘इफ’च्या घरात गेला, की ‘विल’ दारातच गळून पडला आणि मागे ‘स्’ चिकटला: ‘स्टार्ट्स’. ‘विल बी’चं ‘अ‍ॅम’ झालं. हा बदल न अडखळता व्हायला लागला की समजा सराव लागू पडला. सुरुवातीला तिसऱ्या-चौथ्या कडीलाच ‘इफ द मीटिंग विल’ असं निघतं. निघू द्या. तिथेच थांबून फक्त ती कडी तीनदा म्हणा आणि पुढे चला.

साखळी पाठ झाली की तीच ‘समजा’ मनात धरून म्हणा: ‘इफ आय मिस्ड द बस, आय वुड बी लेट. इफ आय वेअर लेट, द मीटिंग वुड स्टार्ट विदाउट मी.’ आणि शेवटी होऊन गेलेल्या दिवसाची: ‘इफ आय हॅड मिस्ड द बस, आय वुड हॅव बीन लेट. इफ आय हॅड बीन लेट, द मीटिंग वुड हॅव स्टार्टेड विदाउट मी.’ एकच गोष्ट तीन घरांतून फिरवायची. नवीन विषय शोधण्यापेक्षा हे फार उपयोगी पडतं, कारण सगळं लक्ष क्रियापदावर राहतं.

दिवसाला दहा-पंधरा मिनिटं पुरेत. पहिला आठवडा फक्त ‘विल’ची साखळी. दुसरा ‘वुड’ची. ‘वुड हॅव’ तिसऱ्या आठवड्यात, त्याआधी नको. क्रियापदांची तिसरी रूपं कच्ची असतील तर हा शेवटचा भाग रडवतो. गो-वेन्ट-गॉन, टेक-टुक-टेकन, नो-न्यू-नोन ही रोजच्या वापरातली चाळीस-पन्नास क्रियापदं आधी घोटून घ्या. त्याला पर्याय नाही.

तिसऱ्या आठवड्यात झोपण्याआधी दिवसभरातल्या एका फजितीवर एकच वाक्य लिहायचं. छत्री विसरली, भिजलो: ‘इफ आय हॅड टेकन माय अम्ब्रेला, आय वुड नॉट हॅव गॉट वेट.’ घडलं त्याच्या उलट लिहायचं, हे लक्षात ठेवा. भिजलो होतो, म्हणून ‘नॉट’ आला. फजिती नाही झाली त्या दिवशी बचावलात त्याबद्दल लिहा.

बोलताना ‘वुड हॅव’चं ‘वुडव्ह’ होतं. ते ‘वुड ऑफ’सारखं ऐकू येतं आणि चक्क तसं लिहिणारे इंग्रजही सापडतात. तुम्ही तसं लिहू नका. ‘आय्ड’ ऐकलं की गोंधळ होतो: हा ‘आय हॅड’ की ‘आय वुड’? पुढचा शब्द ऐका. तिसरं रूप आलं तर ‘हॅड’, मूळ रूप आलं तर ‘वुड’. ‘आय्ड नोन’ आणि ‘आय्ड नो’.

मराठी काय गाळते, इंग्रजी काय गाळते

बोलताना आपण ‘जर’ सहसा म्हणत नाही, ‘तर’ मात्र सोडत नाही. ‘पाऊस आला तर थांबेन.’ इंग्रजीत बरोबर उलट आहे: ‘इफ’ सुटत नाही, ‘देन’ बहुधा सुटतो. प्रत्येक वाक्यात ‘इफ... देन’ लावणाऱ्याचं इंग्रजी चुकीचं नसतं, पण गणिताचं प्रमेय सिद्ध केल्यासारखं वाटतं.

दुसरं म्हणजे, आपली अट शक्यतो आधी येते. इंग्रजीत ती शेवटीही तितक्याच सहज येते: ‘आय विल कॉल यू इफ आय गेट टाइम.’ अट आधी असेल तर दोन भागांत स्वल्पविराम, नंतर असेल तर नाही. साखळीचा सराव करताना अट नेहमीच आधी येते, म्हणून आठवड्यातून दोन दिवस मुद्दाम वाक्यं उलटी करून म्हणा.

‘की’ आणि ‘तर’ यांतला आपला फरक इथे सरळ वापरता येतो. ‘तो आला की सांग’ यात तो येणार हे नक्की, म्हणून ‘व्हेन ही कम्स, टेल मी’. ‘तो आला तर सांग’ यात येईल न येईल, म्हणून ‘इफ ही कम्स’. क्रियापद दोन्हीकडे तेच, ‘विल’ दोन्हीकडे नाही.

‘नाही... तर’साठी ‘अनलेस’ आहे. त्याच्या पोटातच नकार असतो, म्हणून पुन्हा ‘डोन्ट’ घातला की अर्थ उलटतो. ‘तू आला नाहीस तर मी जाणार नाही’ हे ‘अनलेस यू कम, आय वोन्ट गो’ असं होईल. गोंधळ होत असेल तर सरळ ‘इफ यू डोन्ट कम’ म्हणा, कुणी अडवत नाही.

आता अपवाद, कारण ‘इफ’नंतर ‘विल’ दिसला की लाल पेन उचलणारेही मी पाहिलेत. ‘आय डोन्ट नो इफ ही विल कम.’ हे बरोबर आहे. इथला ‘इफ’ जर-तरचा नाहीच. मराठी करून बघा: तो येईल की नाही मला माहीत नाही. ‘तर’ कुठेच नाही. जिथे मराठीत ‘की नाही’ येतं तिथे ‘विल’ बेलाशक वापरा.

‘इफ आय वेअर यू’मधला ‘वेअर’ तेवढा तसाच पाठ करा. इतरत्र ‘आय’ आणि ‘ही’ यांच्यापुढे बोलताना ‘वॉज’ही चालतो, औपचारिक लिखाणात ‘वेअर’ बरा. आणि ‘हॅड आय नोन’ किंवा ‘शुड यू नीड हेल्प’ अशी ‘इफ’ गाळून उलटवलेली वाक्यं पत्रांत भेटतील. ती फक्त ओळखा. सुरुवातीलाच वापरायला गेलात तर बोलणं पुस्तकी वाटेल.

पाहा जमतंय का

तीन आठवडे झाले की ही वाक्यं कागदावर इंग्रजीत लिहा. उत्तरं खाली आहेत, हात ठेवून झाका.

दार उघडं राहिलं तर मांजर बाहेर जाईल.
तू सांगितलं असतंस तर मी थांबलो असतो.
तुझ्या जागी मी असतो तर आत्ता गप्प बसलो असतो.
दुकान उघडं असेल की नाही मला माहीत नाही.
मला पोहता येत असतं तर मी तेव्हा पाण्यात उडी मारली असती.
माझ्याकडे नकाशा असता तर आपण रस्ता चुकलो नसतो.

उत्तरं अशी. ‘इफ द डोअर स्टेज ओपन, द कॅट विल गो आऊट.’ ‘इफ यू हॅड टोल्ड मी, आय वुड हॅव वेटेड.’ ‘इफ आय वेअर यू, आय वुड कीप क्वाएट.’ ‘आय डोन्ट नो इफ द शॉप विल बी ओपन.’ पाचव्यात पोहता न येणं आजचंही खरं आहे आणि उडी तेव्हाची, म्हणून ‘इफ आय न्यू हाऊ टू स्विम, आय वुड हॅव जम्प्ट इन’. सहाव्याला दोन उत्तरं आहेत. अजून रस्त्यात भटकत असाल तर ‘इफ आय हॅड अ मॅप, वी वुड नॉट बी लॉस्ट’. घरी पोचून पाय चेपत सांगत असाल तर ‘इफ आय हॅड हॅड अ मॅप, वी वुड नॉट हॅव गॉट लॉस्ट’. लिहिण्याआधी तुमच्या मनात ‘आज की तेव्हा’ हा प्रश्न आला असेल, तर दोन्हींपैकी कुठलंही उत्तर लिहिलेलं असो, ते बरोबर धरा.